घटका, घट आणि पात्रातला भात

अंगावरचं सगळं उतरवून ठेवा. घड्याळ, मोबाइल, चष्मासुद्धा. चष्म्यासाठी कुरकुर नको. आज जिथं जायचं आहे तिथं अंधुक दिसणाऱ्या माणसाला फार भाव आहे. तिमिर झालेल्या डोळ्यांना हवेत केस तरंगताना दिसतात, एका चंद्राचे दोन दिसतात. आणि त्या नसलेल्या केसांवरून, त्या दुसऱ्या चंद्रावरून तिथली माणसं पिढ्यान्‌पिढ्या भांडत आली आहेत. तुमचा नंबर मोठा असेल तर तुम्ही चालताबोलता दृष्टांत आहात.

कमरेला पांढरं सुती वस्त्र, खांद्यावर पंचा. बायकांनीही आजच्यापुरतं हेच नेसायचं. भिक्षूंचा विहार आहे, दारात उगाच चौकशा नकोत. आणि हो, निघण्याआधी कांदा खाल्ला नाहीत ना? खाल्ला असेल तर तोंड मिटून चला. का, ते जेवताना सांगतो.

मगध देश. राजगृहाच्या उत्तरेला, तीनेक तासांच्या चालीवर नालंदा. साल विचारू नका. विचारलंतच तर इसवी सन ६४० च्या आगेमागे धरा. महिना वैशाख.

काळोख आहे. तळ्याकाठची चिकणमाती पायाच्या बोटांतून वर येते. शेवाळाचा वास, त्यात कमळाच्या कुजक्या देठांचा. आणि मागं कुठेतरी घंटा होते. जरा वेळानं जमीन हलल्यासारखी वाटते, कारण हजारभर अनवाणी माणसं तुमच्या दिशेनं चालत येत असतात. कुणी बोलत नाही. खोकला, जांभई, घसा खाकरणं आणि दातवण चावल्याचा करकर आवाज. तुमच्याही हातात कुणीतरी दातवण देतं. एक टोक चावून कुंचल्यासारखं करायचं. तोंडभर कडू तुरट रस सुटतो. मग पंचा गुंडाळून पाण्यात. अशी दहाहून जास्त तळी आहेत इथं. पाणी गारेगार लागतं, नीट अनुभवून घ्या. दुपारी हे आठवून रडाल.

शेजारचा भिक्षू प्यायचं पाणी फडक्यातून गाळतो आहे. गाळून झाल्यावर तो फडकं उलटं करून हळूच तळ्यात बुडवतो. अडकलेला बारीकसा जीव परत पाण्यात जायला हवा. हा माणूस विज्ञानवादी आहे. बाहेर जग म्हणून काही नाही, जे आहे ते विज्ञान, म्हणजे जाणीव, असं तो गेली सात-आठ वर्षं शिकतो आहे. आणि डोळ्याला धड न दिसणाऱ्या किड्यासाठी पहाटेच्या अंधारात वाकून बसला आहे. हसू नका. मला विचाराल तर नालंदेतलं सगळं भांडण या वाकलेल्या पाठीत आहे.

उजाडलं. आता दारापाशी चला, तिथं गर्दी आहे.

उंच विटांची भिंत आणि एकच मोठं दार. दारावर काहीतरी लिहून टांगलेलं आहे आणि लोक टाचा उंचावून वाचताहेत. कुणा लोकायत मताच्या ब्राह्मणानं चाळीस कलमं लावली आहेत. एक जरी कलम कुणी खोडून दाखवलं तर डोकं कापून देईन, ही पैज. तो स्वतः तिकडे झाडाखाली मांडी ठोकून बसला आहे, अंगात मस्ती भरलेली. लोकायतांचा बाणा तुम्हाला ठाऊक आहेच: डोळ्याला दिसतं, हाताला लागतं तेवढं खरं, बाकी तुमचे परलोक आणि पुनर्जन्म गेले उडत. बरेच दिवस झाले, आतून कुणी बाहेर आलेलं नाही. एवढा मोठा विहार, एवढे पंडित, आणि दारावर हा कागदी नाग डुलतो आहे. (कागद नाहीच तो, पण म्हणायला.)

आत जायचं तर आधी द्वारपंडित. बाहेरून येणाऱ्या दहांतले सात-आठ इथूनच मागं फिरतात, तेव्हा लाजायचं कारण नाही. जाडजूड, घामेजलेला, ओठांच्या कोपऱ्यात विड्याचा लाल डाग.

"कुठले?"

"महाराष्ट्रातले."

भुवया वर जातात. तुमच्या मुलखाची कीर्ती इथं पोचलेली आहे. युआन श्वांग नावाचा चिनी भिक्षू नुकताच तिकडून फिरून आला. तिकडची माणसं उपकार विसरत नाहीत, अपमानही विसरत नाहीत, आणि सूड घ्यायचा झाला तर आधी शत्रूला कळवून मग घेतात, असं त्यानं नोंदवून ठेवलं आहे. तिथल्या डोंगरातल्या लेण्यांत, जिच्या दाराशी दगडी हत्ती आहेत त्या विहारात, आचार्य दिङ्‌नाग वरचेवर येऊन राहायचे, हेही त्यानंच लिहिलं. आजचे जाणकार ती लेणी म्हणजे अजिंठा समजतात. आज आत ज्या प्रश्नावरून रणकंदन होणार आहे त्याला धार लावली ती याच दिङ्‌नागांनी. तेव्हा छाती थोडी पुढं काढायला हरकत नाही. फार नको.

द्वारपंडित बोट दाखवतो. "ते काय?"

"आंब्याचं झाड."

"झाड, की झाडाची आपल्याकडची बाजू?"

"...आपल्याकडची बाजू."

"पलीकडची दिसली?"

"नाही."

"मग झाड पाहिलंत की ताडलंत?"

तुमची जीभ टाळ्याला चिकटते. मागचे लोक खुदकन हसतात. बाजूला व्हा, पुढच्याला वाट द्या.

काळजी करू नका, दुसरी वाट आहे. विहाराच्या खर्चाला जवळपास शंभर गावं लावून दिलेली आहेत. तिथून रोज तांदूळ, दूध, लोणी येतं. गावकऱ्यांची ती रांग बघा. त्यातल्या एका म्हाताऱ्याला दुधाचा घडा जड झाला आहे. घ्या खांद्याला. घड्याच्या काठाला दोन्ही हातांची बोटं घालून उचला, काठ बोटांत रुततो, दूध डुचमळून छातीवर सांडतं, आणि नेमकं त्या क्षणी तुम्हाला उत्तर सुचतं. काठ धरला तर अख्खा घडा वर आला! नुसता काठ हातात आला नाही. म्हणजे तुकड्यांपलीकडे एक सबंध घडा आहे, आणि त्या एका बाजूला नजर भिडली की सबंध वस्तूलाच भिडते. नैयायिक हेच म्हणतात, न्यायसूत्रांत हाच मुद्दा आहे: एक भाग धरून ओढला की सगळं येतं. पण उत्तर सुचलं ते दार ओलांडल्यावर. सगळ्यांचं असंच होतं.

आत आलात. मान वर करा. एकावर एक चढलेले मजले, सकाळच्या धुक्यात हरवलेली शिखरं, लाल विटा, आणि खालच्या तळ्यांत निळी कमळं. शेजारी सम्राट हर्षानं बांधलेला पितळी विहार उन्हात असा तळपतो की डोळ्याला पाणी येतं. या पितळी विहारावरून ओडिसाच्या हीनयानी भिक्षूंनी राजाला तोंडावर टोमणा मारला होता: नालंदेशेजारी एवढा खर्च केलात, मग कापालिकांचं देऊळ का नाही बांधलंत? दोघं सारखेच! त्यांच्या मते नालंदेचे लोक आकाशपुष्पवाले, आभाळात फुलं बघणारे. आपण मराठीत अजून आकाशपुष्प म्हणतो. तो शब्द कुणाच्या तरी तोंडावर शिवी म्हणून फेकलेला होता, हे विसरून म्हणतो.

दिवसाला शंभराच्या आसपास व्याख्यानं होतात इथं. फक्त बौद्धच नाही. वेद, व्याकरण, वैद्यक, सांख्य, सगळं. या ओवरीत बसा. जमीन थंड आहे, खांद्याला खांदा लागतो आहे, पुढच्याच्या पाठीवरचा घाम तुमच्या नाकाशी. आचार्य म्हणतात, उजव्या डोळ्याच्या कडेला बोटानं दाबा. दाबा तुम्हीही, आत्ता, हे वाचताना. समोरच्या दिव्याचे दोन दिवे झाले? दुसरा दिवा दिसतो. मग तो आहे का?

दिङ्‌नागांनी आठच श्लोकांत याचा फास आवळला. एखादी गोष्ट तुमच्या दिसण्याचा विषय आहे असं म्हणायचं तर तिनं दोन कामं करायला हवीत. एक, तिच्यामुळे ते दिसणं घडायला हवं. दोन, ती जशी आहे तशी दिसायला हवी. आता घडा घ्या. परमाणूंमुळे दिसणं घडतं म्हणाल, तर परमाणू काही घड्याच्या गोल पोटासारखे दिसत नाहीत. परमाणूंचा ढीग गोल दिसतो म्हणाल, तर ढीग ही वेगळी वस्तूच नाही, ते नुसतं मोजायला दिलेलं नाव. जे नाही ते काय घडवणार? दुसऱ्या चंद्रासारखं. मग दिसतं ते कुठलं? आतलंच, जाणिवेतलं रूप, बाहेर असल्यासारखं वाटणारं.

तुम्ही डोळ्यावरचं बोट काढता. दुसरा दिवा गेला. पहिला आहे. निदान आहे असं दिसतं.

एवढ्यात टोला पडतो.

आपल्याकडे लग्नात घंगाळातल्या पाण्यावर तरंगत ठेवायचे ते घटिकापात्र आजी-आजोबांनी सांगितलं असेल. तेच इथं मोठ्या तांब्याच्या भांड्यात आहे. पातळ वाटी, बुडाला सुईच्या टोकाएवढं भोक. पाणी आत येतं, वाटी भरते, बुडते, की टोला. एकदा बुडाली की एक, दुसऱ्यांदा दोन, असे चारपर्यंत, मग शंख. सगळा विहार या वाटीवर चालतो. राजे लोक अशी वाटी आणि तिच्यावर नजर ठेवायला पोरं दान देतात.

आता जेवण, आणि पटपट. दुपारचे टोले झाले की घास खाली ठेवायचा. त्यानंतर खाताना सापडलेला विहाराबाहेर.

शेणानं सारवलेली जमीन, वर हिरवी पानं पसरलेली. भिक्षू वेताच्या बुटक्या आसनांवर, पाय जमिनीला टेकवून, एकमेकांना न शिवता बसतात. पोरासोरांना लाकडाचे ठोकळे. तुम्ही ठोकळ्यावर. आधी आल्याचा तुकडा आणि मीठ. मग भात. हा साधा भात नव्हे; मगधातली महाशाली, दाणा काळ्या घेवड्याएवढा, वास असा की पंगतीच्या टोकाला कळतो. हा तांदूळ राजे आणि मोठे पंडित यांनाच मिळतो, तुमच्या पात्रात चुकून आला आहे, गप्प खा. त्यावर डाळीचं वरण आणि कडकडीत तूप, बोटांनी कालवून. तूप बोटांतून मनगटाकडे ओघळतं.

कांदा नाही. मागून पाहू नका. काही वर्षांनी इत्सिंग नावाचा दुसरा चिनी भिक्षू इथं येऊन राहील आणि लिहील की भारतात कुणी कांदा खात नाही, त्यानं पोट बिघडतं आणि नजर मंदावते. नजरेवर एवढ्या चर्चा करणाऱ्या जागी हे ठीकच झालं.

जेवताना शेजारच्या भिक्षूला हळूच विचारा: भदंत, बाहेर काही नाही म्हणता, मग स्वप्नातल्या भातानं पोट का भरत नाही? तो दचकणार नाही. हा प्रश्न तुमचा नाहीच. वसुबंधूंनी वीस श्लोकांच्या ग्रंथात विरोधकाच्या तोंडी तो आधीच घालून ठेवला आहे. त्यांचं उत्तर असं की स्वप्नातल्या गोष्टीनंही खरा परिणाम होतो, आणि त्याचं जे उदाहरण त्यांनी दिलं आहे ते तरुण ब्रह्मचाऱ्यांच्या वर्गात दरवर्षी हशा पिकवतं. मी इथं सभ्य पर्याय देतो: स्वप्नात वाघ मागं लागला, जागे झालात, तर अंगावरचा घाम खरा असतो.

टोला. घास खाली.

दुपार. पश्चिमेचा गरम वारा भट्टीचं तोंड उघडल्यासारखा येतो. विटा तापल्या आहेत, त्यांना पाठ टेकवता येत नाही. तरी सगळे एकाच दिशेनं निघाले आहेत, कारण बाहेरून एक नैयायिक आला आहे आणि द्वारपंडितानं त्याला आत सोडलं आहे. सभेत पाय ठेवायला जागा नाही. घाम, खोबरेलासारखा काहीतरी तेलकट वास, कापूर, आणि वर छताला टांगलेली वटवाघळं या गलक्यानं अस्वस्थ.

वादाचे नियम कडक आहेत. ज्याला आपण आज सर्रास वितंडवाद म्हणतो तो त्यातला एक प्रकार आहे, स्वतःचं काही न मांडता नुसतं दुसऱ्याचं पाडणं. शब्दाचा भलताच अर्थ काढून पाडलंत तर तो छल. "याच्याकडे नव कांबळं आहे" असं कुणी म्हटलं आणि तुम्ही "नऊ कुठं आहेत?" विचारलंत, की झाला छल. हरण्याच्या बावीस जागा मोजून ठेवलेल्या आहेत. जिंकणारा हत्तीवर बसून मिरवतो. हरणाऱ्याच्या तोंडाला लाल-पांढरी माती फासून, अंगावर धूळ टाकून हाकलतात असं युआन श्वांग सांगतो. दूरदर्शनवरच्या रात्रीच्या चर्चांना यातली निदान मातीची सोय लागू व्हायला हवी होती.

नैयायिक पन्नाशीचा, कपाळाला भस्म, आवाज खर्जातला. समोर भिक्षू विशीचा, गळ्याची हाडं दिसणारा. नैयायिक रिकामा घडा मधोमध ठेवतो.

"हा घट. माझ्या डोळ्यातलं तेज किरण होऊन बाहेर जातं, घटाला भिडतं, म्हणून घट दिसतो. रात्री मांजराचे डोळे चमकताना पाहिले नाहीत कुणी?"

हशा. पोरं एकमेकांना कोपरानं ढोसतात.

"आचार्य, डोळे मिटा," भिक्षू म्हणतो. "आता उघडा. खिडकीतून फांदी दिसली? आणि तिच्या वर तो फिकट चंद्र? एकदम दिसले ना? किरण आधी फांदीला पोचला असता, चंद्राला कितीतरी उशिरा."

"शंभर कमळपाकळ्यांची चवड करून सुई टोचली तर एकदम पार गेल्यासारखी वाटते. जाते मात्र एकामागून एक."

"साधु, साधु!" असा गलका होतो. भिक्षू हलत नाही.

"आणि आपल्या डोळ्यातलं काजळ? ते तर डोळ्याला भिडलेलंच आहे. ते का दिसत नाही?"

तुमचं बोट नकळत डोळ्याच्या कडेला जातं. नैयायिक काहीतरी बोलतो, पण गलक्यात ऐकू येत नाही.

आता भिक्षू वाकून समोरच्या तबकातून सात सुपाऱ्या उचलतो. इथं मोठ्या पाहुण्याला रोजचा शिधा म्हणून १२० विड्याची पानं, २० सुपाऱ्या, २० जायफळं आणि कापूर मिळतो, तेव्हा सुपारीला तोटा नाही. एक सुपारी मधे. चार बाजूंना चार. एक खाली, एक वर दोन बोटांनी धरलेली.

"हे परमाणू. मधल्याला सहा जण भिडले आहेत. ज्या जागी पूर्वेचा भिडला त्याच जागी पश्चिमेचा भिडला का?"

"नाही."

"मग मधल्याला सहा बाजू झाल्या, सहा भाग झाले. ज्याला भाग आहेत तो परमाणू कसला? आणि बाजूच नाहीत म्हणाल, तर सातही एकाच जागी मावायला हवेत. मग हा घट केवढा असायला हवा? एका परमाणूएवढा."

वरची सुपारी त्याच्या बोटांतून निसटते, टप्पकन पडते, घरंगळत तुमच्या पायाशी येते. कुणी हसत नाही. उचलून द्या, पण ती हातात आहे तोवर अंगठ्यानं दाबून बघा. टणक आहे, खडबडीत आहे, एका बाजूला किडीचं भोक. सहा बाजूंनी बघा, सहा भाग दिसतील. भिक्षूचं बरोबर वाटू लागतं आणि सुपारी मात्र तळव्यात तशीच राहते.

या मुद्द्याला नैयायिकाकडे धड उत्तर नव्हतं, असं माझं मत आहे. तो परमाणूला भाग नसतात हेच पुन्हा जोर लावून सांगतो. पण मुरलेला गडी आहे, बाजू बदलतो.

"भदंत, दोन चंद्र खोटे म्हणता ते एक चंद्र खरा पाहिलात म्हणून. स्वप्न खोटं म्हणता ते जागे झालात म्हणून. सगळंच स्वप्न असेल तर 'स्वप्न' हा शब्द तुम्हाला शिकवला कुणी? आणि सगळ्या ज्ञानाला बाहेर आधार नाही, हे तुमचं ज्ञान, त्याला तरी कुठला आधार?"

मीमांसक कुमारिल भट्टांनी हाच हातोडा याहून जोरात चालवला आहे. त्यांची आख्यायिका फार बोलकी आहे: बौद्धांनी त्यांना उंचावरून ढकललं तेव्हा ते "वेद प्रमाण असतील तर मी वाचेन" म्हणाले, वाचले, पण त्या एका "तर"पायी एक डोळा गेला. शंकेची किंमत डोळ्यानं मोजणारी ही परंपरा आहे.

सभेत आता कुजबुज आहे. भिक्षू ओठ ओले करतो. नैयायिक शेवटचा पत्ता टाकतो, आणि हा त्यानं आजच दुपारी दारात बसून जुळवला असणार.

"आज तुमची घटका बुडाली तेव्हा आपण तिच्याकडे बघत होता, भदंत?"

"नाही. जेवत होतो."

"मग घास का खाली ठेवलात?"

सबंध सभा हसते. हसू भिंतींवर आपटून परत येतं, वटवाघळं उडतात. भिक्षूही हसतो, अगदी पोरासारखा. मग हसू आवरून म्हणतो, "टोला ऐकला म्हणून. ऐकणं हे ज्ञानच की, आचार्य. स्वप्नातही घटका बुडते आणि टोले पडतात. आणि आम्हा सगळ्यांना तो एकदमच ऐकू आला म्हणाल, तर एका कर्माची प्रेतं पाण्याच्या जागी पुवाची नदी बघतात तीही सगळी मिळून बघतात. अनेकांना दिसलं म्हणून नदी पुवाची होत नाही."

तुमच्या अंगावर काटा येतो. भर वैशाखात.

निकाल? आज नाही. चौथ्यांदा घटका बुडाली, शंख झाला, उद्या पुन्हा. मला कौल द्यायला सांगितलात तर मी नैयायिकाकडे झुकेन. ज्या विहाराची चूल दुसऱ्याच्या शेतातल्या तांदळावर पेटते त्यानं शेत मनात आहे म्हणावं, हे गिळायला जड जातं. पण सुपारीचं उत्तर मला आजही सापडलेलं नाही.

सूर्य कलतो. एवढे भिक्षू एका जागी बसवता येत नाहीत, म्हणून एकच गायक दालनादालनांतून स्तोत्र म्हणत फिरतो, पुढं पोरं फुलं आणि धूप घेऊन. आवाज जवळ येतो, तुमच्या दारावरून जातो, लांब जातो. धुपाचा वास मागं राहतो. दिवसभर तापलेल्या विटा आता उष्णता परत देऊ लागतात. पाय दुखताहेत. रात्री जेवण नाही, हे आता पोटाला कळलं आहे.

इथं मी तुम्हाला काही दिवस पुढं ढकलतो, कारण दारावरच्या त्या माणसाचं काय झालं ते तुम्हाला बघायचं असणार.

युआन श्वांगनं नोकराला पाठवून ती चाळीस कलमं फाडून आणवली आणि पायाखाली तुडवली. मग त्या ब्राह्मणाला आत बोलावलं. विहाराचे प्रमुख शीलभद्र साक्षीला बसले. फार म्हातारे, एकेकाळी संधिवातानं गांजलेले, ज्यांना आदरापोटी कुणी नावानं संबोधत नाही. एकामागून एक दर्शनं निघाली, आणि शेवटी ब्राह्मण गप्प झाला. उठून म्हणाला, हरलो, पैजेप्रमाणे डोकं घ्या. आम्ही जीव घेत नाही, युआन श्वांग म्हणाला, माझा सेवक हो.

आता रात्र आहे. या कोठडीच्या दाराशी या, पण पाय वाजवू नका. आत दिवा बारीक केला आहे. बाकीच्या सगळ्यांना बाहेर पाठवलं आहे. ओडिसाच्या त्या भिक्षूंकडून सातशे श्लोकांचा एक ग्रंथ आला आहे, आचार्य प्रज्ञागुप्तांनी महायानाविरुद्ध लिहिलेला, आकाशपुष्पवाल्यांची खोड मोडायला. युआन श्वांगला त्यातल्या काही जागा अडल्या. त्यानं सेवकाला विचारलं, हा ग्रंथ कधी ऐकला आहेस? पाच वेळा, तो म्हणाला. मग समजावून सांग. मी तुमचा दास, मी कसा शिकवू? तू शिकव. तर मग रात्री शिकवतो, ब्राह्मण म्हणाला. दासाकडून शिकतो म्हणून तुमच्या नावाला बट्टा नको.

तर हे दोन आवाज तेच. चेहरे दिसत नाहीत. एक चिनी वळणाचं संस्कृत, प्रश्न विचारणारं. दुसरं सावकाश, एकेक पद सोडवून सांगणारं, अजिबात न चिडलेलं. डास चावताहेत. चावू द्या.

तो ग्रंथ समजून घेऊन युआन श्वांगनं त्याला सोळाशे श्लोकांचं उत्तर लिहिलं आणि ब्राह्मणाला मोकळं केलं: हरलास तेवढी मानहानी पुरे, आता जिकडे जायचं तिकडे जा. तो पूर्वेला कामरूपाच्या वाटेला लागला. सोळाशे श्लोकांचं ते उत्तर आज उपलब्ध नाही.

टोले मोजलेत? निजायची वेळ झाली. कोपऱ्यात चटई आहे. पहाटेची घंटा चुकवू नका. उशिरा गेलात तर काठावरचं पाणी गढूळ झालेलं असतं.